टेबलाखालचे साहेब

भूकंपानंतर लातुरात दोन गोष्टी जिकडेतिकडे दिसायला लागल्या: पत्र्याची शेडं आणि कोचिंग क्लास. आमच्या क्लासात दोन्ही एकत्र होतं. स्लॅबखाली पोरं बसवायला आईबाप तयार नव्हते, म्हणून क्लासच्या सरांनी पत्रे ठोकले. त्याच पत्र्यांखाली, दाराशेजारच्या टाइपरायटरमागे, मी. शिरूर अनंतपाळहून अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, मला नोकरीला पाठवलं तेही छत बघूनच.

पण गावात चुलत्यानं पुडी सोडली, "हापिसातल्या पोरींचं काय खरं न्हाई." झालं! अण्णा न्यायला हजर, ते नेमके गॅदरिंगच्या दिवशी.

"कार्यक्रम संपला की पेटी बांध," म्हणाले आणि पहिल्या रांगेत जाऊन बसले.

सरांनी पोरांसाठी जुन्या विलायती मुक्या सिनेमांची कॅसेट आणली होती. सगळे विनोदी. मधेमधे इंग्रजी पाट्या यायच्या, त्या माइकवरून मराठीत सांगायचं काम माझं. दोन सिनेमे मजेत गेले. तिसऱ्यात काय निघावं? ऑफिस! तोंडाला पावडर थापणारी टायपिस्ट आणि टेबलाभोवती तिच्यामागं धावणारा ढेरपोट्या साहेब. मागून शिट्टी आली. अण्णांची मान खाली गेली. माझी पेटी बांधून झालीच म्हणायची!

पडद्यावर पाटी आली. साहेबाचं काहीतरी लाडीगोडीचं बोलणं होतं. ते मी सरळ गिळलं आणि घोगरा आवाज काढला,

"अवो बाई, थांबा! कुठला कागद कुठं हाय तेवढं सांगा, न्हाईतर हापिस बुडालं!"

हशा. अण्णांची मान थोडी वर. तेवढ्यात पडद्यावर साहेबाची बायको छत्री घेऊन आत! साहेब टेबलाखाली, बाई शांतपणे टाइप करतेय.

"या वहिनी, बसा," मी म्हणाले. "साहेब खाली हायेत. सकाळपासून अक्कल शोधायलेत."

छत्री टेबलाखाली घुसली आणि पोरांनी हसत पत्र्याच्या भिंतींवर हात बडवले. सगळी शेड थरथरली. मागच्या रांगेतल्या आयाबाया भूकंप समजून बाहेर पळाल्या, आणि उरलेला मार बघायला तशाच आत पळत आल्या!

अण्णा उपरण्यानं डोळे पुसत सरांकडं वळले. "असली पोरगी हापिसात असल्यावर भ्यायचं कुणी, सर?"

"मीच की!" सर म्हणाले.

पेटी बांधायची राहूनच गेली. पुढं अण्णा लातूरला आले की दारातच वाकायचे, सरांच्या टेबलाखाली डोकावायचे आणि ओरडायचे, "साहेब हायेत का?"

सर खुर्चीतूनच सांगायचे, "हाव हाव, आज वर हाय!"