शेठ, वरराजा क्यां गया?

सुरतेच्या पांडेसऱ्यातल्या एका लग्नाच्या बँडमध्ये माझा मित्र क्लॅरोनेट वाजवायचा आणि मी खुळखुळा. खुळखुळा वाजवायला काही यावं लागत नाही असा समज असेल, तर तो मी एका हंगामात खोटा ठरवला. मालकाने हात जोडले आणि मी निमूट डाइंग मिलमध्ये परतलो.

मित्र मात्र कलाकार. दोन गुजराती सिनेमांत दिसला. पहिल्यात नुसता गर्दीत, दुसऱ्यात बँडवाला, आणि चक्क एक वाक्य : "शेठ, वरराजा क्यां गया?" महिनाभर त्याने ते वाक्य घोटलं. मिलच्या गेटवर, चहाच्या लारीवर, कुठेही. शेठ बहुतेक वेळा मीच.

सिनेमा सुरतेत लागला तेव्हा तो काविळीने अंथरुणाला खिळलेला. डॉक्टरने क्लॅरोनेट बंद केलं होतं. डोळे हळदीसारखे. मला म्हणाला, "आईला घेऊन जा. मी उठेन तेव्हा उठेन, तिने तरी बघू दे."

त्याच्या आईला मी मावशी म्हणायचो. ती घरी साड्यांचे धागे कापायची. त्या गुरुवारी तिने कात्री ठेवली, ठेवणीतलं लुगडं नेसली. थिएटरबाहेर गरमागरम लोचोची लारी दिसली आणि माझी अक्कल धावली.

"भाऊ, उशीर व्हई ना!"

"मावशी, हिरोचं लग्न कधी सुरुवातीला असतं का? शेवटी असतं. निवांत खा."

मी दुसरी प्लेट मागवली.

आत शिरलो तेव्हा हिरो कुठल्याशा गावात लपला होता. मावशी दर दहा मिनिटांनी विचारायची, "आते?" मी म्हणायचो, "आता बघा." शेवटी एक वरात आलीच. बँडच्या मागच्या रांगेत कुणीतरी क्लॅरोनेट फुंकत होता. मी ओरडलो, "तो बघा, तोच!" तो काहीच बोलला नाही. मी म्हटलं, "वाक्य कापलं वाटतं मेल्यांनी."

बाहेर पडताना मी हळूच डोअरकीपरला लग्नाच्या सीनचं विचारलं. तो हसला. "शादी? वो तो शुरू में. दूल्हा भागा, उसी पे तो पिक्चर है."

महिनाभर मी तेच वाक्य ऐकत होतो. वरराजा क्यां गया! नवरदेव गेला कुठे! माझ्या डोक्यात उजेड पडला नव्हता.

घरी तो उशीला टेकून बसला होता. "वाक्य ठेवलं का, आई?"

"ठेवलं. सगळे पोट धरीसन हसनात," मावशी म्हणाली.

तो किती खूश झाला! मी पायाच्या अंगठ्याने फरशी उकरत राहिलो. शुक्रवारी सिनेमा बदलला. त्याच्या पुढच्या आठवड्यात तो गेला. सव्विसाव्या वर्षी.

मी व्हिडिओच्या दुकानांतून ती कॅसेट शोधली, भेस्तानपासून थेट स्टेशनपर्यंत. मिळाली नाही. दोनेक वर्षांनी मावशीसमोर बसलो होतो. ती धागे कापता कापता म्हणाली, "पिच्चरमधला तो मना पोऱ्या नव्हता, भाऊ. वाजाडताना त्याना गाल असा फुगेत नहीत."

तिने पुढची साडी ओढली.

"तू ते वाक्य दररोज आयकेल शे. म्हण ना एकदाव. त्याना सारखं."

मी उभा राहिलो. "शेठ, वरराजा क्यां गया?"

कात्री थांबली.

"असं नही. 'शेठ' म्हणीसन तो जरासा थांबे." तिने साडी बाजूला सारली. "परत म्हण."