दामलेकाकांची पाटी

परदेशात, तोआ पायोहच्या फ्लॅटमध्ये सामान लावून जेमतेम तीन दिवस झाले होते. रविवारी संध्याकाळी बेल वाजली. दारात सत्तरी ओलांडलेले, कडक इस्त्रीचा बुशशर्ट घातलेले एक गृहस्थ उभे होते. हातात सुतळी ओवलेली लाकडी पाटी, तिच्यावर रंगवलेला झाडू. "मी दामले, लिफ्टजवळच्या दारातला," असं म्हणत त्यांनी ती पाटी आमच्या लोखंडी गेटला अडकवली आणि माझ्याकडे बघून गंभीरपणे सांगितलं, "या आठवड्यात तुमची पाळी."

मी चाट पडले. परका माणूस, पहिलीच भेट, आणि हे! मागे उभा असलेला माझा नवरा समीर इतका हसला की त्याला ठसका लागला. काकांच्या लक्षात यायला मिनिटभर गेलं. मग कानापर्यंत लाल होत ते म्हणाले, "झाडायची हो, कॉरिडॉर झाडायची पाळी!" शब्द मात्र त्यांनी पुढेही कधी बदलला नाही.

आमच्या मजल्यावर चार दारं. काका, आम्ही, लिम आंटी आणि शेवटी एक भाड्याचा फ्लॅट, ज्यातली माणसं सतत बदलत. कॉरिडॉर झाडायला रोज माणूस येतो, हे मी काकांना सांगून पाहिलं. "तो झाडतो ते त्याचं काम. आपण झाडायचं ते आपलं," एवढंच उत्तर मिळालं. लिम आंटी माझ्यापेक्षा स्पष्ट बोलणाऱ्या. त्या काकांना म्हणाल्या, "क्लीनर गॉट, व्हॉट! यू इंजिनियर, व्हाय यू स्वीप, ला?" त्यांनी दोन महिने झाडूला हात लावला नाही. त्यांच्या पाळीचा आठवडाही काकाच झाडत, तेही त्यांच्या दारासमोर मोठ्यानं गुणगुणत. शेवटी वैतागून आंटींनीच झाडू हिसकावून घेतला.

ही पाटी काकांनी आणली होती ओबरलिंडाखहून. शेवटच्या अक्षराला घसा खाकरल्यासारखं करायचं, नाहीतर ते परत म्हणायला लावत. काका जहाजावरचे इंजिनियर. सव्विसाव्या वर्षी कंपनीनं त्यांना इंधनाचे पंप शिकायला आठ महिने त्या जर्मन गावात धाडलं. तिथे घराघरानं पाळीपाळीनं रस्ता झाडायची पद्धत. "यांचं माहेर आहे ते," असं काकू म्हणायच्या म्हणे. मी आले तेव्हा काकू नव्हत्या. मुलगी पर्थला. काका एकटेच राहत आणि मुलीकडे जायचं नाव काढत नसत.

त्या गावाच्या गोष्टी ऐकून ऐकून मला तिथले बोळ पाठ झाले होते. ओढ्याएवढी नदी, एक बुरूज, एकमेकांवर रेललेली लाकडी चौकटींची घरं. गाव दोनदा जळलं आणि दोन्ही वेळा जुन्याच रेषांवर उभं राहिलं. "बोळ सरळ करायची आयती संधी होती, पण नाही. वळणासकट बांधला!" रेल्वे आली तेव्हा धुरानं वाळत घातलेले कपडे काळे होतील म्हणून गावानं ती नाकारली. गाडी शेजारच्या गावी गेली आणि ओबरलिंडाख लहान ते लहानच राहिलं. युद्धाच्या शेवटी बायकांनी बुरुजावरून पांढऱ्या चादरी सोडल्या म्हणून ते वाचलं. काका हे इतक्या अभिमानानं सांगत, की चादरींच्या घड्या जणू त्यांनीच मोडल्या होत्या.

पाटीचा नियम एकच होता. रविवारी संध्याकाळी बेल वाजवून ती शेजाऱ्याच्या हातात द्यायची. एकदा मला घाई होती, मी ती लिम आंटींच्या गेटला नुसतीच अडकवून सटकले. काका चिडलेले मी तेव्हा पाहिले, एकदाच. मला घरात बसवून त्यांनी कॉफी केली, कप समोर ठेवला आणि मग बोलले.

"माझ्या घरमालकीण केलरबाई. मी निघालो तेव्हा ही पाटी त्यांनी मला दिली. त्या चौदा वर्षांच्या होत्या तेव्हा समोर एक ज्यू कापडवाला राहायचा. बायको, दोन मुली. एका रात्रीत सगळ्यांना नेलं. सकाळी केलरबाईंच्या आईची पाळी होती. तिनं रस्ता झाडला. त्या घरासमोर फुटक्या काचा होत्या, त्याही झाडल्या. मान वर करून दाराकडे बघितलं नाही. मुलगी खिडकीतून बघत होती." काकांनी कॉफीत साखर ढवळली. "बाई मला म्हणाल्या, आमचं गाव फार स्वच्छ आहे, दामले. झाडताना दारं बघत जा."

चादरींची गोष्ट सांगणारे काका आणि ही गोष्ट सांगणारे काका एकच होते. त्यांचं त्या गावावर प्रेम होतं, पण त्यांनी त्याचं काही लपवलं नाही. मला त्यांचं हेच फार आवडायचं.

गेल्या वर्षी एका रविवारी त्यांच्याकडून पाटी माझ्याकडे यायची होती. आली नाही. सुटलो या आठवड्यात, असं मी समीरला म्हटलंसुद्धा. सोमवारी सकाळी ऑफिसला निघाले तर लिम आंटी बाजारातून परतत होत्या. पाटी काकांच्याच गेटवर होती. "व्हाय स्टिल देअर?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, विसरले असतील. "ही फरगेट?" आंटींनी पिशव्या खाली टाकल्या आणि दोन्ही हातांनी गेट बडवायला सुरुवात केली.

काका न्हाणीघरात पडले होते, आदल्या दुपारपासून. खुबा मोडला होता. त्यांना स्ट्रेचरवरून नेताना मी ऑफिसची बॅग खांद्याला लावून तशीच उभी होते. मला माझी लाज वाटली. केलरबाईंच्या आईला मी मनातल्या मनात किती नावं ठेवली होती!

ऑपरेशन झालं, पण पुढे छातीत कफ साठला. तीन आठवडे गेले. मुलगी पर्थहून आली होती. मी भेटायला गेले की काका हळूच विचारत, "कॉरिडॉर?" मी सांगायची, झाडला. तीन आठवडे मी एकटीनं झाडला होता, कोणालाही पाटी न देता, प्रायश्चित्त घेतल्यासारखा. शेवटच्या भेटीत त्यांनी आणखी एक प्रश्न विचारला.

"शेवटच्या दारात कोण आलंय?"

नवीन कोणीतरी आलं होतं. बाहेर चपलांचे दोन जोड असायचे, ते मी उचलून, झाडून परत ठेवायची. पण कोण, ते मला सांगता येईना.

काकांनी डोळे मिटले. "मग झाडलं नाहीस, मधुरा."

गुरुवारी ते गेले. रविवारी संध्याकाळी मी पाटी घेतली आणि शेवटच्या दाराची बेल वाजवली. एका म्हाताऱ्या बर्मी बाईनं दार उघडलं. त्यांना इंग्रजी येत नव्हतं, मला बर्मी. मी पाटीवरचा झाडू दाखवला, मग स्वतःकडे बोट करून माझं नाव सांगितलं. त्यांनी पाटी घेतली, उलटसुलट करून पाहिली. मग छातीवर हात ठेवून म्हणाल्या, "खिन मे."

खिन मे. घरी पोचेपर्यंत मी ते नाव म्हणत होते.