शेप्याचा तक्कू

आमच्या बांधावर एक आंबा होता. त्याच्या कैरीला शेपूच्या भाजीचा वास यायचा, म्हणून त्याचं नाव शेप्या. मी एसटीत कंडक्टर आहे, आणि कंडक्टरचं खोटं सुट्ट्या पैशांपुरतंच असतं, त्यामुळे पुढचं सगळं खरं धरायला हरकत नाही. शेप्याची कैरी इतकी आंबट, की झाडाखालून बैलगाडी गेली तरी बैल संध्याकाळी कडबा चावत नसत. गावात एखादीला दिवस गेले की तिच्या नवऱ्याच्या आधी शेप्याला कळायचं. दिवेलागणीला कुणी सून पदराआड दगड घेऊन झाडाखाली घुटमळताना दिसली, की आमची आई घरात जाऊन बाळाच्या टोपड्याला कापड शोधायला लागायची. अन् सावली म्हणाल तर आमची नांदेड–निलंगा गाडी टपावरच्या सामानासकट मावायची, मागं एका टमटमला जागा उरायची.

पण शेप्याचा मान कैरीमुळं नव्हता. आमच्या घरात रीत आहे. माणूस गेलं की त्याला आपल्याच शेतात अग्नी द्यायचा. सरण बाभळीचं, पण सगळ्यात वर एक फांदी शेप्याची. झाड पाडायचं नाही, माणसामागं एक फांदी उतरवायची. आजोबांना एक गेली, आईला एक गेली. माझ्या वडिलांनी, आण्णांनी, स्वतःची फांदी जितेपणीच नेमून ठेवली होती. रस्त्याच्या अंगाची, मांडीएवढी जाड, तिच्यावर त्यांनी गेरूचा पट्टा ओढला होता. लग्नकार्याच्या पाहुण्यांना दुसरे लोक नवी विहीर दाखवतात, आमचे आण्णा ही फांदी दाखवायचे. एखादी शेळी मागच्या पायांवर उभी राहून तिचा पाला ओढायला लागली, की ते खाली बसूनच म्हणायचे, "आगं, माझं सरण खाऊन राहिली की तू."

मग मुखेडचा रस्ता रुंद करायला घेतला. जमिनीची एक पट्टी गेली, मावेज्याचे पैसे मिळाले. आण्णांनी सही केली ती एका बोलीवर, की झाडाला हात लागणार नाही. रस्त्याच्या खात्याचा माणूस हो म्हणाला. असली माणसं सगळ्यालाच हो म्हणतात, त्यांना त्याचाच पगार असतो. त्याच सुमाराला आण्णांच्या पोटात गाठ निघाली. लातूरला चिरफाड झाली, आणि मी त्यांना नांदेडला माझ्या घरी आणून खाटेवर टाकलं. ते खाटेवर असतानाच मशीन आलं. मी त्या दिवशी ड्यूटीवर होतो. निलंग्याला जाताना शेप्या होता, येताना नव्हता. मी घंटी ओढून गाडी थांबवली, तर ड्रायव्हर मागं वळून म्हणाला, "इथं कुठंय थांबा?" खरंच, कुठं होता? ओळखीची खूण म्हणून काही राहिलंच नव्हतं.

थोरली बहीण, आमची अक्का, लातूरला असते. तिनं ऐकलं, पदर तोंडाला लावला, आणि डोळे पुसता पुसताच निकाल दिला. आण्णांचा जीव त्या फांदीला टांगलेला आहे, फांदी गेल्याचं कळलं तर माणूस त्याच दिवशी खाली पडेल. तेव्हा सांगायचं नाही. घरात खोटं बोलण्याचं काम जन्मापासून माझ्याकडेच, त्यामुळे वाटणीवरून भांडण झालं नाही.

मी ते काम मन लावून केलं. आण्णांना सांगितलं, की इंजिनिअर साहेब झाडाखाली आला, वर बघून त्यानं टोपी काढली, आणि नकाशावर रस्त्याला तिथं कोपर मारलं. आता आख्खा रस्ता सरळ आणि शेप्यापाशी वाकडा, ड्रायव्हर लोक शिव्या घालतात. आण्णांना त्या शिव्या फार गोड लागल्या. मग हे रोजचंच झालं. मी ड्यूटीवरून आलो, की चपला काढायच्या आत विचारणा व्हायची, आणि मी बातमी द्यायचो. आज पोपट बसले होते. आज एका पोराला मुंग्यांनी फोडून काढलं. गेल्या साली माघात मी मोहर आणला, झाड पिवळंधमक झालं. उन्हाळ्यात त्यांनी कैरी मागितली, तेव्हा डॉक्टरनं आंबट बंद केलंय म्हणून निभावलं. यंदाच्या माघात मी त्याहून दांडगा मोहर आणला. पान दिसंना म्हणालो, वासानं गाडीतली माणसं पेंगायला लागली, एक बाई मुखेडला उतरायची ती थेट उदगीरला जागी झाली. आण्णा छताकडं बघत नुसते "बरं" म्हणाले. मला वाटलं, थकले असतील.

चैत्रात लातूरच्या डॉक्टरनं सांगितलं, आता जे मागतील ते द्या. असं सांगितलं की त्याचा अर्थ काय हे आपल्याकडं शेळ्या राखणाऱ्यालाही कळतं. अक्का लातूरहून पिशवी भरून माझ्याकडं राहायला आली. माझी बायको तेव्हा लेकीच्या दुसऱ्या बाळंतपणाला निलंग्याला होती. चार घरांत एकाच वेळी माणूस येतं आणि जातं म्हणतात, ते आमच्या एकाच घरात चाललं होतं. आण्णा काही खाईनात. शिरा नको, पेज नको, शहाळ्याचं पाणी ओठावरून परत यायचं. अक्का वाटी घेऊन बसायची, आणि संध्याकाळी तीच वाटी जशीच्या तशी मोरीत जायची.

एका सकाळी त्यांनी मला जवळ बोलावलं. म्हणाले, "कंडक्टर, शेप्याच्या दोन कैऱ्या आण. तक्कू कर. तक्कूसंगं भाकरीचा घास जाईल."

मी अक्काकडं पाहिलं, अक्कानं भिंतीकडं.

त्या दिवशी मुखेडचा बाजार होता. गाडी स्टँडला लागली तशी मी बाजारात शिरलो. कैऱ्यांचे ढीग होते, पण सगळ्या बिनवासाच्या, लग्नातल्या परक्या पाहुण्यासारख्या. मी एकेक नाकाला लावून ठेवू लागलो, तर विकणारी म्हणाली, आंबा घ्यायला आलास का अत्तर? तिच्या शेजारी एक म्हातारी शेपूच्या जुड्या घेऊन बसली होती. अन् तिथंच माझ्या टाळक्यात ते शिरलं. कैरी घेतली, शेपू घेतला, आणि तिकिटांच्या पेटीत घालून घरी आणला. दुसऱ्या दिवशी पेटीचं झाकण उघडलं की प्रवासी विचारायचे, डबा खायची वेळ झाली का.

तक्कू करणं म्हणजे काही लग्नाचा स्वयंपाक नाही. कैरी सोलायची, किसायची. कांदा किसायचा. मीठ, लाल तिखट, जिभेला कळेल न कळेल इतका गूळ. कैरी कडक नसेल तर हातानं दाबून अर्धं पाणी काढायचं. मग करडईच्या तेलाची फोडणी, मोहरी, हिंग, मेथ्यांचे चार दाणे, आणि ती गार झाल्यावरच वरून ओतायची. गरम ओतली की कैरी मरते, हे आईचं वाक्य. बस्स, झाला तक्कू. पण मला शेप्याचा करायचा होता. पहिल्या खेपेला शेपू चिरून घातला, तर अक्का म्हणाली हा तक्कू हाय का म्हशीची वैरण, आण्णांचं पोट गेलंय, डोळे न्हाईत गेले. खरंच की. हिरव्या काड्या दिसत होत्या. ते मी सांडलं. दुसऱ्या खेपेला शेपू तळहातावर मिठानं चोळला, फडक्यात घालून पिळला, आणि थेंब थेंब रस किसावर सोडला. रंग दिसेना, वास मात्र दारापर्यंत गेला. अक्कानं चाखलं. तिचा चेहरा बदलला. तिनं परत एकदा चिमूट घेतली.

आण्णांना उशीला टेकवून बसवलं. मी भाकरीचा मऊ पापुद्रा काढला, त्यावर तक्कू ठेवला, तोंडात दिला. ते चावत नव्हते, जिभेवर धरून बसले होते. मी आयुष्यात चेकिंगच्या साहेबासमोर इतका घाबरलो नाही. मग गळ्याची घाटी हलली. घास खाली गेला. दुसऱ्यासाठी त्यांनी आपणहून तोंड उघडलं.

"शेप्याच हाय," ते म्हणाले.

अक्काला रडू आलं. पाणी आणते म्हणून ती आत गेली.

आण्णांनी माझं मनगट धरलं. त्या हातात काही उरलं नव्हतं, पाखरानं बसावं तसा तो बसला. "दार लोट," म्हणाले. मी लोटलं.

"कवा पाडलं?"

माझ्याकडं सगळ्याला उत्तर असतं. गाडी लेट का, पंखा बंद का, सीट फाटली का. तेव्हा खरं तेच तोंडातून निघालं. मी म्हणालो, दोन वर्षं झाली.

"शेप्या सालाआड धरतो रे. गेल्या सालाला मोहर आला म्हणलास, म्हणलं येऊ शकतो. यंदा बी आणलास. ते बी पान दिसंना." ते दम खायला थांबले. "थोडं कमी सांगितलं आसतंस तर मेलो आसतो बिनघोर."

मी विचारलं, मग तक्कू कशाला मागितला?

"बघावं म्हणलं, हा कुठवर जातो." ते हसले असावेत, तोंड तसं झालं खरं. मग विचारलं, "फांदी?"

ठेकेदारानं नेली, मी म्हणालो. सगळं झाडच नेलं, लाकडासाठी.

आत अक्का घागरीत तांब्या बुडवत होती, त्याचा आवाज येत होता. "लागली आसंल कुणाच्या तरी कामी," ते म्हणाले. "अक्काला सांगू नको. तिला वाटू दे, मला ठावं न्हाई. लई जपलंय तिनं." आणि ती तांब्या घेऊन येण्याआधी, "शेपू लई झाला. उद्या कमी घाल."

पुढं ते थोडे दिवस चाललं. अक्का खाटेशी बसलेली, मी ताटली घेऊन उभा, आणि आण्णा तिला ऐकू जाईल असं विचारायचे, आज झाड कसं हाय? मी सांगायचो. कैऱ्या एवढ्या लागल्यात की फांदीला टेकू द्यावा लागला. कुठल्या फांदीला? तुमच्याच. अक्का मान डोलवायची, आपलं काम फत्ते झालं म्हणून. आम्ही दोघं तिच्यासाठी बोलत होतो आणि ती आण्णांसाठी ऐकत होती. घास मात्र रोज लहान होत गेला. आधी पापुद्रा सुटला, मग नुसता तक्कू, मग तक्कूचं पाणी बोटानं जिभेला. एका सकाळी बोट लावलं तर जीभ हलली नाही.

आम्ही त्यांना गावी नेलं. रस्त्यानं खाल्लेल्या जमिनीच्या उरलेल्या तुकड्यावर बाभळीचं सरण रचलं. गाव जमलं होतं. फांदी कुठून आणणार हे कुणी विचारलं नाही, सगळ्यांना ठाऊक होतं, सगळे जमिनीकडं बघत उभे. मी त्याआधी मुखेडला जाऊन वखारीतून आंब्याचं एक लाकूड आणलं होतं. कुठल्या गावचं, कुणाच्या बांधावरचं, वखारवाल्यालाही माहीत नव्हतं. मांडीएवढं जाड होतं, इतकंच. खांद्यावरून उतरवताना मी मोठ्यानं सांगितलं, की ठेकेदाराचा माग काढत मी पार नायगावपर्यंत गेलो, त्याच्या अंगणातल्या ढिगातून गेरूच्या खुणेवरून ओळखून ही फांदी काढून आणली, खूण आता पुसली गेलीय एवढंच. म्हाताऱ्या माणसांनी माना डोलावल्या. तेही खोटंच बोलत होते.

लाकूड वर ठेवायच्या आधी अक्का पुढं आली. तिनं त्यावरून हात फिरवला, माझे दोन्ही हात धरून आपल्या कपाळाला लावले, आणि तशीच थबकली.

"रस्त्याकडचीच ना रे?" तिनं विचारलं. "शेपूचा वास येऊन राहिला."

तो माझ्या हाताचा होता. रोज पिळून पिळून तळव्याला बसला होता, साबणानं जात नव्हता.

मी हाव म्हणालो, लाकूड वर ठेवलं, आणि अग्नी दिला.