पळीभर खिचडी

“खा. सगळ्यांसमोर खा. मंग लेकरं खातील,” आप्पा म्हणाले आणि त्यांनी खिचडीची पळी माझ्या तोंडासमोर धरली.

दहावा रोजा होता. शनिवार, सकाळची शाळा. रेणापूर तालुक्यातल्या आमच्या गावच्या शाळेत मी बारा वर्षं खिचडी शिजवते. पोरं ताटल्या घेऊन रांगेत बसलेली. एकही ताटली वाजत नव्हती. आप्पा म्हणजे गावातले किराणावाले, शाळा समितीचे अध्यक्ष. बारा वर्षं मला भाभी म्हणणारा माणूस. त्या दिवशी मी ‘ए बाई’ झाले.

झालं होतं एवढंच. रोजा असला तरी रांधणारीला मीठ बघावं लागतं. त्याला आमच्यात मुभा आहे. जिभेच्या टोकाला थेंब लावायचा, चव कळली की थुंकायचं, चूळ भरायची. घशाखाली काही जाऊ द्यायचं नाही. माझी आई असंच करायची, सासूही असंच करते. मी स्वयंपाकाच्या शेडमागं मोरीवर जाऊन थुंकले. आडोसा बघून गेले, हीच माझी चूक. आडोशाला केलेलं काम चोरीचंच दिसतं. कुंपणापलीकडून कुणीतरी पाहिलं आणि जरा वेळात गावभर झालं की ही बाई खिचडीत थुंकते. मोबाइलवर तसले व्हिडिओ रोज फिरतातच. लोकांना त्यात बसवायला एक तोंड हवं होतं. माझं सापडलं.

मी सांगत होते. रोजा आहे, मोरीवर थुंकले, पातेल्याकडं पाठ होती. कुणी ऐकेना. मोठे सर रजिस्टरची पानं उलटत राहिले. माझ्याबरोबर शिजवणारी मथुराबाई बारा वर्षं माझ्यासोबत एकाच चुलीचा धूर खाते. मी मीठ कसं बघते ते तिला पक्कं ठाऊक. तीही खाली मान घालून पातेलं ढवळत राहिली.

मी खाल्ली. भ्याले म्हणून खाल्ली, दुसरं काही कारण नाही. दर ईदला माझ्या हातचा शीरखुर्मा दोन दोन वाट्या पिणारा माणूस पळी धरून उभा होता, आणि मी तोंड उघडलं.

“गिळली का बघू,” आप्पा म्हणाले.

मी पुन्हा तोंड उघडून दाखवलं. पोरांसमोर. तरीही निम्मी पोरं न जेवता उठली. त्यांच्या आयांनी आधीच निरोप धाडला होता. उरलेली खिचडी मी आणि मथुराबाईनं गुरांच्या टोपल्यात ओतली.

घरी काही सांगितलं नाही. दिवसभर पाण्याचा थेंब घेतला नाही. रोजा तर मोडला होता, पण निदान त्याची लाज राखावी म्हणून. सासूनं माझं तोंड बघून विचारलं, “रोजा लगरा क्या, बेटी?” मी हो म्हणाले. मगरीबची अजान झाली तशी तिनं पहिला खजूर माझ्या हातावर ठेवला. बिचारीला वाटलं, सून उन्हात चुलीपुढं रोजा राखून आली. तो खजूर चावता येईना मला. इतकं खोटं मी जन्मात कधी खाल्लं नव्हतं. मोरीवर जाऊन रडले. पुन्हा आडोशालाच.

रविवारी दिवसभर एकच विचार. काम सोडलं तर गाव म्हणणार, बघा, खरंच थुंकत होती.

सोमवारी गेले. खिचडी शिजवली. चव घेतली नाही, मीठ अंदाजानं घातलं. बारा वर्षांच्या हाताला मीठ कळतं. आप्पा आलेच, तपासायला. मी चव रजिस्टर आणून मोठ्या सरांपुढं ठेवलं. खिचडीची चव आधी शिक्षकांनी आणि समितीनं घ्यायची, असा नियम त्यात पहिल्याच पानावर चिकटवलेला आहे. इतकी वर्षं सर न चाखताच सही ठोकत होते. मी पळी भरली आणि आप्पांसमोर धरली.

“आधी तुमी, आप्पा.”

ते मागं सरले. “आज सोमवार हाय. माझा उपास असतोय, ठावं न्हाई का तुला?”

“ठावं हाय. मंग ऱ्हाऊ द्या. उपास कुणाचा मोडू न्हाई. शनिवारी माझा बी हुता.”

आप्पा चप्पल घालून निघून गेले. मोठ्या सरांनी खिचडी चाखली, सही केली. वाढताना मथुराबाई हळूच म्हणाली, “भाभी, परवा म्या बोलाया पायजे हुतं.”

“हाव. पायजे हुतं,” मी म्हणाले.

माफी कुणी मागितली नाही. पाच-सहा पोरं अजून घरून डबा आणतात. त्यांच्याकडं बघितलं की आतून तुटतं, त्यांचा काय दोष. त्या ईदला आप्पांच्या घरी शीरखुर्म्याचा डबा गेला नाही. मोडलेला रोजा ईदनंतर फेडला. त्यासाठी मुद्दाम शनिवार धरला, त्याच चुलीपुढं. सासूला त्या दिवशी सगळं सांगितलं.

पुढच्या रमजानातही खिचडी मीच शिजवीन. मीठ बघितलं तर शाळेच्या नळावर थुंकीन, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत. पण कुणी पळी पुढं केली तर तोंड उघडणार नाही. काम गेलं तरी नाही.