डफडं वाजणार नाही

पेटीचं झाकण त्यानं माझ्या उजव्या हातावर आपटलं. चार बोटं पट्ट्यांवर होती. वरून कोपरानं दाबलं. मी ओरडले नाही. मला ओरडता येत नसे.

तो पुण्याचा संगीतकार. अकोल्यात एका कापूस-जिनिंगवाल्या शेठजींच्या बंगल्यात सिनेमाच्या गाण्यांची बैठक चालली होती. अमरावतीच्या इंग्रजी शाळेत सिस्टरांनी मला पियानो आणि इंग्रजी स्वरलिपी शिकवली होती, म्हणून मला बोलावलं. तो गुणगुणायचा, मी उतरवायचे, व्हायोलिनवाले वाचून वाजवायचे. चहा सगळ्यांना कपात. माझा पेला वेगळा, व्हरांड्यात. मी तेही गिळलं.

मिरवणुकीच्या गाण्याला त्याला तीन दिवस चाल सुचेना. चौथ्या दिवशी मी माझी लिहून दिली. वाजली. शेठजी डोलले. "वा! काय चाल बांधली तुमी!" तो हसला, चाल आपलीच असल्यासारखा.

मग माझ्याकडे वळून म्हणाला, "यात डफडं हवं. बापाला बोलाव. तुमच्यात वाजवतातच."

"आता नाही वाजवत. आम्ही बौद्ध दीक्षा घेतली."

"दीक्षेनं हात बदलले का गं?"

"ते वाजवणार नाहीत. आणि ही चाल माझी आहे." मी पेटी ओढली, पुढचा अंतरा वाजवू लागले.

तेव्हा झाकण आलं.

दीक्षेनंतर बानं डफडं चुलीत घातलं होतं. पुढच्या पोळ्याला तो बैलांपुढे वाजवायला गेला नाही. पातूरजवळच्या आमच्या गावात बैलांच्या मालकांनी त्याला घरातून ओढून नेलं. काठ्यांनी मनगट फोडलं. "मी वाजवत नाई," एवढंच तो म्हणत राहिला. मी दाराआडून बघत होते. तेव्हाही ओरडले नाही.

हात ओढून काढला तेव्हा दोन नखं उचकटली होती. पांढऱ्या पट्ट्यांवर रक्त. डाव्या हातानं मी व्हायोलिनवाल्यांच्या स्टँडवरचे माझे सगळे कागद ओढले. त्यानं माझी वेणी धरून मान मागे खेचली.

"कागद ठेव. चाल माझी आहे."

"मग गाऊन दाखवा."

त्यानं तोंड उघडलं. पहिली ओळ आली. दुसरी अर्धी. पुढे काही नाही. व्हायोलिनवाल्यांनी माना खाली घातल्या. त्यानं वेणी सोडली.

"जाऊ द्या तिले," शेठजी पुटपुटले.

घरी बानं वाकड्या मनगटानं माझी बोटं धुतली.

"लय दुखते का वं?"

"हो."

"कागद देला का त्याले?"

"नाही."

"मंग बरं झालं." त्यानं चिंधी आवळून बांधली.

एक बोट अजून सरळ होत नाही. मी सिनेमाला चाली देते. कागदावर आधी माझं नाव लिहिते, आडनावासकट. मग पहिला स्वर. त्या नावावर काट मारायला कुणी पेन काढलं, तर मी कागद उचलते आणि निघते. हात धरणाऱ्याचा हात मी आता चावते.