सरांच्या तोंडची जर्मन

इथे इंग्लंडात, मिल्टन कीन्सच्या आमच्या मराठी मंडळात सगळे आयटीवाले. कोणी विचारलं, "तुम्ही कशात?" की मी म्हणतो, "सपोर्टमध्ये." खोटं नाहीये ते. केअर होममध्ये म्हाताऱ्या माणसांना बगलेत हात घालून उठवतो, त्याला सपोर्टच म्हणायचं. बायकोच्या व्हिसाला चिकटून आलेला माणूस मी, दहावीत आपटलेला. आणि तिथे मला इतिहास शिकवायला भेटले कोण, तर नव्वदी ओलांडलेले जर्मन प्रोफेसर. गाढवाला गुळाची चव.

मी त्यांना सर म्हणायचो. तरुणपणी इंग्लंडला आले, इथल्याच बाईशी लग्न केलं, युनिव्हर्सिटीत जन्मभर जर्मनीचा इतिहास शिकवला. पण इंग्लिशमधून. घरात जर्मनचा एक शब्द काढला नाही. एकुलती एक मुलगी, आता साठीची. तिला बापाच्या भाषेत साधं पाणी मागता येत नाही.

मी त्यांची दाढी करायला घेतली की सरांचं लेक्चर सुरू. गालाला फेस त्यांच्या, आणि पळून जाता यायचं नाही मला.

"तुला वाटतं देश आधी होतो आणि पुस्तकं नंतर. आमच्याकडे उलटं. जिकडेतिकडे छोटे छोटे राजे, देश असा नाहीच. मग शिकलेली माणसं खेड्यापाड्यात हिंडली. म्हाताऱ्यांकडून गाणी घेतली, गोष्टी घेतल्या, शब्द गोळा केले. म्हणाली, आपली भाषा एक, म्हणजे आपण एक. चांगली माणसं होती. देश आधी कागदावर तयार झाला. नंतर जे आले त्यांनी विचारलं, ह्या भाषेतला खरा कोण आणि उपरा कोण?"

मी म्हणलं, "आमच्या मंडळाचीपण दोन मंडळं झाली, सर. मोदक उकडीचे की तळलेले, यावरून."

सर हसले नाहीत. "सुरुवात अशीच होते," म्हणाले.

एकदा मी विचारलं, मुलीला का नाही शिकवली? तर म्हणाले, "लहानपणी शाळेत माझ्यात जे भरलं, ते त्याच भाषेतून भरलं. चांगलं-वाईट वेगळं काढता येत नाही." तांदळातले खडे, असं मी आपलं समजून घेतलं. म्हणून त्यांनी अख्खं पोतंच बंद करून ठेवलं होतं.

गेल्या हिवाळ्यात सरांचं इंग्लिश गेलं. डिमेन्शियात नंतर शिकलेलं आधी जातं म्हणे. मी काही शिकलोच नाही, त्यामुळे माझं काय जाणार, हा प्रश्न आहे. सरांकडे फक्त जर्मन राहिली, तीही पुटपुटण्यापुरती. मुलगी रविवारी यायची, "डॅड, मी आलेय," म्हणायची, आणि सर तिच्याकडे तिकीट चेकरकडे बघावं तसं बघायचे. एकदा कॉरिडॉरमध्ये मला म्हणाली, "आयुष्यभर मला वाटत आलंय, त्यांचा एक कप्पा आहे आणि तिथे मी नाही. जाण्याआधी त्यांनी त्यांच्या भाषेत माझ्याशी एक वाक्य बोलावं. एकच."

पुढच्या रविवारी ती बसलेली असतानाच अंधारून आलं आणि सर बिथरले. ब्लँकेट ओढायला लागले. असं झालं की आम्ही गाणं म्हणतो. मला इंग्लिश गाणी येत नाहीत. आमच्या घरी दिवेलागणीला मुलांना बसवून परवचा म्हणायला लावायचे, मोठ्याने पाढे. तेच आठवलं. सरांचा हात धरला आणि सुरू केलं, बे एके बे, बे दुणे चार. वीसपर्यंत नेलं. पुढे माझा भरवसा नाही.

सर शांत झाले. ताठ बसले. मी थांबल्यावर त्याच ठेक्यात, ठणठणीत आवाजात, त्यांनी जर्मन सुरू केली.

मुलगी उभीच राहिली. "बोलतायत! काय म्हणतायत?"

आणि मी हुशार! "मॅडम, फोन आहे ना!" भाषांतराचं ॲप लावलं आणि त्यांच्या तोंडासमोर धरलं. एरवी माझ्या फोनची बॅटरी मेलेली असते. त्या दिवशी फुल्ल.

गाडीत रस्ता सांगताना राऊंडअबाऊटला दुसरी एक्झिट घ्या म्हणणाऱ्या बाईच्याच गोड आवाजात फोन म्हणायला लागला: नदी आमची. डोंगर आमचा. आमचं रक्त स्वच्छ. परक्याला आमची भाषा येत नाही, तो ती चोरतो. चोराला हाकला.

"बंद कर," मुलगी म्हणाली.

मला बटण सापडेना. खिशात कोंबला, तर खिशातून आवाज आला: मूल आईबापाचं नसतं, देशाचं असतं.

सरांचा पाठ संपला. त्यांनी उजवा तळहात पुढे केला.

"काय हवंय त्यांना?" तिने विचारलं.

तो हात मी ओळखला. माझी अख्खी शाळा तशीच गेली. "मॅडम, पाठ म्हणून झालाय. चुकला असला तर छडी. तुम्ही शाब्बास म्हणा."

"ह्याला? ह्या घाणीला शाब्बास म्हणू?"

मीच म्हणून बघितलं, "गुड, सर, व्हेरी गुड." त्यांनी माझ्याकडे ढुंकून बघितलं नाही. बघत होते ते तिच्याकडेच. मुलगी म्हणून नाही, वर्गावरच्या बाई म्हणून. हात तसाच. डोळ्यांत पाणी जमायला लागलेलं.

तिने माझ्या खिशातून फोन काढून घेतला, त्याला काहीतरी विचारलं, आणि ऐकून तो शाब्बासचा शब्द सरांना म्हणाली. जर्मनमध्ये. अडखळत. सरांनी हात खाली घेतला आणि तिच्याकडे बघून हसले, लहान मुलासारखे. ती कार पार्कमध्ये गाडीत बराच वेळ बसून होती. मी खिडकीतून बघितलं. खाली गेलो नाही. माझ्याकडे फक्त विनोद असतात.

पुढच्या रविवारी ती आली, कोटही न काढता म्हणाली, "तुझे ते आकडे म्हण."

"मॅडम, नको. ते पुन्हा तेच म्हणतील."

"माहितेय. पण नंतर माझ्याकडे बघतात."

मग मी पाढा म्हणला. बेचाच, तेवढाच येतो.