ओल्या पुट्टीचा कोपरा

येणाऱ्या सुनेसाठी आमच्या नांदेडच्या घरात हॉल अडवून जिप्समची भिंत घातली. मिस्त्रीनं कोपऱ्यावर पत्र्याची पट्टी ठोकून वरून पुट्टी ओढली, आणि त्या ओल्या वासानं मला थेट लातूरला नेलं.

तिथं मी नवी नवरी होते. आमच्या खोलीसाठी अशीच भिंत उभी राहिली होती. सासऱ्यांना दिसायचं नाही. भिंतीला हात लावत ते घरभर फिरायचे. त्या दिवशी नव्या कोपऱ्याच्या ओल्या पुट्टीत त्यांची बोटं रुतली.

"मामा, ओलं हाय आजून!" मी आतून ओरडले.

ते थबकले. पुट्टीखालची पत्र्याची धार त्यांनी हळूच चाचपली. "इथून तुझी खोली का, बाई? बरं. ध्यानात ठेवतो."

मिस्त्रीनं पुन्हा पुट्टी ओढून बोटांचे वण बुजवले. पण तेव्हापासून त्या कोपऱ्याशी आले की मामा थांबायचे, खाकरायचे, मगच पुढं यायचे. मला त्या खाकरण्याचा धाकच वाटायचा. स्वतः बांधलेल्या घरात ते माझी परवानगी मागत होते, हे आता कळतं.

काल होणारी सून खोली बघायला आली. चहा घेऊन मी कोपऱ्यापर्यंत गेले, थांबले, आणि आपसूक खाकरले.